नाव आणि समतोल : ‘अर्थसी’चे कल्पित दर्शन

काल्पनिक जगाची उभारणी करणारे लेखक नकाशे आखतात, राजघराण्यांच्या वंशावळी रचतात, क्वचित एखादी भाषाही घडवतात. परंतु त्या जगातील माणसे सृष्टीकडे, ज्ञानाकडे आणि मृत्यूकडे कोणत्या दृष्टीने पाहतात याची सुसंगत मांडणी फार थोड्यांना साधते. अमेरिकन लेखिका उर्सुला के. ले ग्विन (१९२९-२०१८) यांच्या ‘अर्थसी’ या कादंबरीमालेत अशी मांडणी आहे. ‘खरे नाव’ आणि ‘समतोल’ या दोन कल्पनांवर ती उभी आहे. तिचे खरे वैशिष्ट्य मात्र आणखी पुढे आहे. स्वतःच रचलेले हे दर्शन लेखिकेने पुढील तीस-बत्तीस वर्षांत स्वतःच उलटसुलट तपासले, त्यातील उणीव शोधली आणि अखेर त्याचा एक आधारस्तंभ आपल्याच हाताने हलवला.

बेटांचे जग

अर्थसी म्हणजे शेकडो लहानमोठ्या बेटांचा समूह. येथील माणसे शेती करतात, मासे धरतात, शेळ्या राखतात, धातूची भांडी घडवतात. जादूविद्या हाही येथे एक व्यवसायच आहे. शिडात वारा भरणारा, नावेचे लाकूड मंत्राने बांधून घेणारा, गुरांची दुखणी बरी करणारा माणूस गावोगावी लागतो. बहुसंख्य रहिवासी तांबूस-सावळ्या वर्णाचे आहेत. गोऱ्या वर्णाचे कार्ग लोक पूर्वेकडील चार बेटांवर राहतात आणि बाकीच्यांच्या दृष्टीने तेच रानटी. इंग्रजी अद्भुतकथेतील रूढ चित्र ले ग्विन यांनी जाणूनबुजून उलटे केले होते.

या जगाची पहिली चाहूल १९६४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या दोन लघुकथांत लागली. पुढे १९६७ मध्ये कॅलिफोर्नियातील पार्नासस प्रेस या संस्थेच्या प्रकाशकाने किशोरवयीन वाचकांसाठी कादंबरी मागितली, तेव्हा ले ग्विन यांच्यासमोर एक साधा प्रश्न उभा राहिला. गोष्टीतला जादूगार नेहमी पांढऱ्या दाढीचा वृद्धच का असतो? तोही कधीतरी पोरसवदा असेल ना? मग तो शिकला कोठे? या प्रश्नातून ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ (१९६८) ही कादंबरी जन्मली. जादूगारांच्या विद्यापीठाची कल्पना जगभर लोकप्रिय करणारा हॅरी पॉटर १९९७ मध्ये आला. अर्थसीतील रोक बेटावरची पाठशाळा त्याच्या जवळजवळ तीन दशके आधीची.

त्यानंतर ‘द टूम्स ऑफ अतुआन’ (१९७१) आणि ‘द फार्देस्ट शोअर’ (१९७२) या कादंबऱ्या आल्या आणि त्रयी पूर्ण झाली असे सर्वांनीच मानले. पण अठरा वर्षांनी ‘तेहानू’ (१९९०) आली आणि २००१ मध्ये ‘टेल्स फ्रॉम अर्थसी’ हा कथासंग्रह व ‘द अदर विंड’ ही अखेरची कादंबरी. या दोन टप्प्यांमधील अंतर लक्षात घेतल्याशिवाय अर्थसीचे तत्त्वज्ञान नीट उमगत नाही.

आदिभाषा आणि खरे नाव

अर्थसीच्या सृष्टिकथेनुसार प्रारंभी फक्त समुद्र होता. सेगॉय नावाच्या आदिशक्तीने नावे उच्चारली आणि एकेक बेट पाण्यातून वर आले. ज्या भाषेत ही नावे उच्चारली गेली ती सृष्टीची आदिभाषा. आपल्या बोलीत दगडाला दगड म्हणणे हा केवळ संकेत आहे. उद्या दुसरा शब्द ठरला तरी दगडाचे काही बिघडत नाही. आदिभाषेत तसे नाही. तेथे दगडाचे नाव आणि दगडाचे दगडपण वेगळे काढता येत नाही. ते नाव ज्याला ठाऊक, त्याची त्या दगडावर सत्ता चालते. जादूविद्या म्हणजे या नावांचे ज्ञान. म्हणूनच माणसाला या भाषेत खोटे बोलता येत नाही. ड्रॅगन या महाकाय पंखधारी प्राण्यांची मात्र ती जन्मभाषा आहे, आणि खरे शब्द वापरूनही ऐकणाऱ्याची दिशाभूल करण्यात ते तरबेज असतात.

जे दगडाला लागू तेच माणसाला. म्हणून अर्थसीतील प्रत्येकाला व्यवहारात हाक मारण्यासाठी एक नाव असते आणि त्याआड दडलेले खरे नाव दुसरेच असते. कथानायक लहानपणी डनी म्हणून ओळखला जातो, पुढे एका शिकारी पक्ष्याच्या नावाने जगभर गाजतो; पण त्याचे खरे नाव गेड. ते त्याला तेराव्या वर्षी मिळते. बालपणीचे नाव काढून घेतले जाते, मुलगा नदीच्या उगमाजवळील गार पाण्यातून चालत पलीकडे जातो आणि काठावर उभा असलेला जादूगार ओगियन त्याचा दंड धरून खरे नाव त्याच्या कानात सांगतो. आपल्याकडे बारशाला आत्या बाळाच्या कानात नाव सांगते आणि लगेच ते सर्वांना कळते. अर्थसीत कानात सांगितलेले नाव कानातच राहते.

नाव सांगणे म्हणजे जीव दुसऱ्याच्या स्वाधीन करणे. त्यामुळे जिवाभावाच्या एखाद्यालाच ते सांगितले जाते. गेडच्या हातून मोठा अनर्थ घडतो, तो खचतो, सहाध्यायी त्याच्यापासून दूर राहू लागतात. अशा वेळी व्हेच हा त्याचा मित्र निरोप घेताना न मागता आपले खरे नाव त्याला सांगून टाकतो. सत्तेचे साधन असलेली गोष्ट येथे विश्वासाची खूण होते. ले ग्विन यांच्या दर्शनातील ही पहिली महत्त्वाची कलाटणी.

दुसरी गोष्ट म्हणजे हे ज्ञान कष्टसाध्य आहे. रोकच्या पाठशाळेत नऊ आचार्य असतात. त्यांपैकी नामाचार्य एका एकाकी मनोऱ्यात राहतो. विद्यार्थ्यांनी तेथे वनस्पतींच्या, किनाऱ्यांच्या, खडकांच्या नावांच्या याद्या पाठ करायच्या. मध्यरात्री यादीवरची शाई आपोआप नाहीशी होते; जे पाठ झाले नाही ते गेले. समुद्र या एका शब्दाने समुद्रावर सत्ता मिळत नाही. त्यातील प्रत्येक आखात, प्रत्येक खाडी, प्रत्येक भूशिराशेजारचे पाणी यांची नावे निरनिराळी असतात. एवढी नावे कोणत्याही एका माणसाला एका आयुष्यात शिकता येणार नाहीत. त्यामुळे संपूर्ण सृष्टीवर कोणाचीच सत्ता चालू शकत नाही. या जगात सत्तेची मर्यादा कोणी राजा वा देव घालून देत नाही. ती ज्ञानाच्या स्वरूपातच आहे.

गारगोटीचा हिरा का करायचा नाही?

जेथे ज्ञान आहे तेथेही ते वापरावे का, हा पुढचा प्रश्न. त्याचे उत्तर म्हणजे समतोलाचा सिद्धांत.

पाठशाळेत गेड हस्तकौशल्याच्या आचार्याला विचारतो की गारगोटीचा हिरा करता येईल का, आणि तो कायम हिराच राहील का? आचार्य गारगोटी हिऱ्यासारखी करून दाखवतो. पण तो केवळ नजरेचा भास असतो. खराखुरा हिरा करायचा तर गारगोटीचे खरे नाव बदलावे लागेल. ते अशक्य नाही. मात्र एवढासा खडा बदलला तरी जग बदलते, आणि त्या बदलातून बरे होईल की वाईट हे पुरते कळल्याखेरीज खड्याला, वाळूच्या एका कणालाही हात लावू नये, असे तो बजावतो. एका बेटावर ओढून आणलेला पाऊस दुसऱ्या बेटाच्या वाट्याचा असू शकतो. दिवा लावला की कोठेतरी सावली पडणारच.

हा कर्मसिद्धांत नव्हे, हे येथे लक्षात घ्यायला हवे. कर्मविपाकात ज्याचे कर्म त्याला फळ, मग ते या जन्मी असो वा पुढच्या. अर्थसीत हिशेब असा व्यक्तिगत नाही. माझ्या कृतीचा परिणाम मी कधीही न पाहिलेल्या बेटावरच्या, माझे नावही न ऐकलेल्या माणसाला भोगावा लागू शकतो. शिक्षा करणारा देव येथे नाही आणि पापपुण्याची वहीही नाही. आहे ते एक जाळे, ज्याचा एक धागा ओढला की दुसरीकडे ताण बसतो. त्यामुळे संयम हा येथे पुण्य मिळवण्याचा मार्ग नसून निव्वळ शहाणपणाचा भाग आहे.

या शहाणपणाची मूर्ती म्हणजे ओगियन. भूकंप शमवणारा हा जादूगार पाऊस आला की तो दुसरीकडे वळवत नाही. शिष्याला घेऊन झाडाखाली जाऊन बसतो आणि पाऊस पडू देतो. ओल्या झुडपात कुडकुडणाऱ्या गेडला प्रश्न पडतो की सामर्थ्य असून ते वापरायचे नसेल तर उपयोग काय? एकदा तो एका रानटी वनस्पतीचा उपयोग विचारतो, तेव्हा ओगियन त्याला तिची मुळे, पाने, फुले सर्व ऋतूंत पाहून ओळखायला सांगतो आणि उलट विचारतो की तुझा किंवा माझा तरी उपयोग काय? उपयोगाच्या पलीकडे वस्तूला स्वतःचे असणे आहे, हा ओगियनचा धडा. तो समजायला गेडला एक कादंबरी आणि तो पुरता जगायला अख्खे आयुष्य लागते.

सावलीचे नाव

हा धडा झुगारल्याने काय होते ते पहिल्या कादंबरीत येते. एका गर्विष्ठ विद्यार्थ्याने डिवचल्यामुळे गेड आपले सामर्थ्य सिद्ध करण्यासाठी शतकांपूर्वी मेलेल्या एका राणीला मृतांच्या जगातून बोलावतो. फट पडते आणि तिच्यासोबत एक निनावी, काळी आकृती बाहेर येऊन त्याच्यावर झेपावते. ती फट बुजवताना पाठशाळेचा वृद्ध प्रमुख प्राण गमावतो. गेडच्या चेहऱ्यावर कायमचे व्रण राहतात आणि ती सावली त्याचा माग काढू लागते.

पळता पळता थकलेल्या गेडला ओगियनच सांगतो की आता मागे वळ आणि तिचाच पाठलाग कर. अखेर व्हेचच्या सोबतीने, साऱ्या बेटांच्या पलीकडे गेड तिला गाठतो. तिला नाव नाही, म्हणून तिच्यावर सत्ता नाही, अशी सर्वांची समजूत असते. त्या क्षणी गेड आणि सावली एकमेकांना एकाच नावाने हाक मारतात, आणि ते नाव असते ‘गेड’. येथे जय होत नाही आणि पराजयही होत नाही. माणूस आपल्याच अंधाराला आपले म्हणतो आणि पूर्ण होतो.

ही कल्पना मानसशास्त्रज्ञ कार्ल युंग यांच्या ‘छाये’च्या संकल्पनेशी इतकी जुळते की ती तेथूनच आली असावी असा अनेकांचा ग्रह झाला. ही कादंबरी लिहिताना आपण युंग वाचलेला नव्हता, असे ले ग्विन यांनी पुढे स्पष्ट केले होते.

दुसऱ्या कादंबरीत नावाचा प्रश्न उलट्या बाजूने येतो. कार्ग प्रदेशातील टेनार ही पाच वर्षांची मुलगी निनावी काळोख्या शक्तींची पुजारीण म्हणून आईवडिलांपासून तोडली जाते. तिचे नाव काढून घेतले जाते आणि गिळली गेलेली अशा अर्थाचे ‘आर्हा’ हे बिरुद तिला चिकटवले जाते. भूमिगत भुयारांत कैद झालेल्या गेडला मारायचे की वाचवायचे हे तिच्या हाती असते. गेड तिच्यावर कोणताही मंत्र चालवत नाही. तो तिला तिचे हरवलेले नाव परत देतो, आणि पुढचा निर्णय ती स्वतः घेते.

तिसऱ्या कादंबरीत संकट साऱ्या जगावर येते. मंत्र चालेनासे होतात, गायक गीते विसरतात, कारागिरांच्या हातातले कसब जाते. मूळ शोधले असता कळते की कॉब नावाच्या जादूगाराने मरण टाळण्यासाठी जीवन आणि मृत्यू यांमधील दार उघडून ठेवले आहे आणि त्या दारातून जगाचा अर्थच वाहून चालला आहे. कॉबला अमरत्व मिळते. पण त्या बदल्यात तो स्वतःचे नाव विसरलेला असतो. मरण नाकारणे म्हणजे जगणेही नाकारणे, असा या कादंबरीचा निष्कर्ष. ते दार बंद करताना गेड आपले सारे सामर्थ्य खर्च करतो आणि सामान्य माणूस होऊन गावी परततो. या कादंबरीला १९७३ मध्ये अमेरिकेचा नॅशनल बुक अवॉर्ड मिळाला.

मुळे कोठे आहेत?

समतोलाच्या सिद्धांताचे मूळ उघड आहे, ते म्हणजे चीनमधील ताओ विचार. ले ग्विन यांचे वडील आल्फ्रेड क्रोबर हे नामवंत मानववंशशास्त्रज्ञ. लाओत्झूच्या ‘ताओ ते चिंग’ची पॉल केरस यांनी सिद्ध केलेली १८९८ ची आवृत्ती त्यांच्या घरी होती. आपल्या अंत्यविधीच्या वेळी त्यातले कोणते अध्याय वाचले जावेत याच्या खुणा वडिलांनी करून ठेवल्या होत्या, अशी आठवण ले ग्विन यांनी लिहिली आहे. त्या स्वतः विशीपासून या ग्रंथाच्या आपल्या आवृत्तीवर काम करत होत्या. ती १९९७ मध्ये प्रसिद्ध झाली. पाऊस पडू देणारा ओगियन हा ताओवाद्यांच्या ‘वू वेई’ म्हणजे ओढूनताणून काही न करण्याच्या तत्त्वाचा चालताबोलता दाखला आहे.

खऱ्या नावाची कल्पना मात्र चीनपुरती मर्यादित नाही; ती मानवजातीइतकीच जुनी असावी. प्राचीन इजिप्तच्या पुराणकथेत इसिस देवी सूर्यदेव रा याला सर्पदंश घडवून त्याचे गुप्त नाव वदवून घेते आणि त्याच्यावर सत्ता मिळवते. आपल्याकडे आश्वलायन गृह्यसूत्रात मुलाचे एक नाव उपनयनापर्यंत केवळ आईवडिलांनाच ठाऊक असावे असे सांगितले आहे.

ले ग्विन यांच्या घराशी जोडलेली एक सत्यकथा येथे आठवल्यावाचून राहत नाही. १९११ मध्ये उत्तर कॅलिफोर्नियातील ओरोव्हिल गावाजवळ एक एकाकी आदिवासी माणूस सापडला. तो याही जमातीचा होता आणि त्याचे सारे आप्त मारले किंवा मरून गेले होते. त्याच्या रिवाजात स्वतःचे नाव स्वतः उच्चारणे निषिद्ध होते. दुसऱ्याने ते सांगायचे, आणि सांगणारे कोणी उरलेच नव्हते. त्यामुळे क्रोबर यांनी त्याला ‘इशी’ असे नाव दिले. त्याच्या भाषेत इशी म्हणजे माणूस. १९१६ मध्ये तो वारला तेव्हा खरे नाव सोबत घेऊनच गेला. ले ग्विन यांच्या आई थिओडोरा क्रोबर यांनी १९६१ मध्ये त्याच्यावर लिहिलेले पुस्तक फार गाजले. इशीच्या मृत्यूनंतर तेरा वर्षांनी जन्मलेल्या ले ग्विन यांनी खऱ्या नावाची कल्पना इशीवरून घेतली, असे विधान करणे धाडसाचे ठरेल. परंतु नाव हा जिवाचा भाग असू शकतो ही गोष्ट त्या घरात कोणाला नवलाची वाटली नसणार, एवढे नक्की.

आता या दोन मुळांमधली विसंगती पाहावी. ज्याला नाव देता येते ते अंतिम नव्हे, असे ताओ विचार मानतो. आपल्या वेदान्तातही नाम आणि रूप हा व्यवहाराचा प्रांत आहे. सत्य त्यापलीकडे आहे. अर्थसीतील जादूगार याच्या नेमके उलट मानतात. त्यांच्या लेखी नाव हेच सत्य. म्हणजे या दर्शनाचा एक पाय नामातीत ताओवर आहे आणि दुसरा नामाच्या सर्वश्रेष्ठतेवर. पहिल्या त्रयीत ही ओढाताण झाकून जाते. ती उघडी पडायला अठरा वर्षे जावी लागली.

अठरा वर्षांनंतरचा प्रश्न

१९९० मधील ‘तेहानू’ वाचून अनेक जुने वाचक बिचकले. येथे पराक्रम नाही की समुद्रप्रवास नाही. टेनार आता एका शेतकऱ्याची विधवा आहे. सामर्थ्य गमावलेला गेड आधी लाजेने तोंड लपवतो आणि मग शेळ्या राखू लागतो. दोघांच्या आश्रयाला आहे ती आपल्याच माणसांनी जाळून टाकलेली, अर्धा चेहरा व एक हात निकामी झालेली एक लहान मुलगी.

समतोलाचे शास्त्र शिकवणाऱ्या रोकच्या पाठशाळेत स्त्रियांना प्रवेश नव्हता आणि गावठी चेटकिणींची विद्या हलकी समजली जात होती. पहिल्या त्रयीत हे जणू स्वाभाविकच होते. आता टेनार विचारते की हे सामर्थ्य कोणाचे, ते कोणाच्या कष्टांवर उभे आहे आणि ते गेल्यावर पुरुषाजवळ उरते काय? साऱ्या जगाचा समतोल सांभाळणाऱ्यांना घराच्या उंबऱ्यावरचा असमतोल दिसलाच नव्हता. त्या जळालेल्या मुलीचे अस्तित्व हाच त्यांच्या विद्येपुढचा प्रश्न. तिला कोणत्याही जादूगाराने नाव द्यावे लागत नाही. तिचे ‘तेहानू’ हे खरे नाव ड्रॅगनला ठाऊक असते.

१९९३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘अर्थसी रिव्हिजन्ड’ या व्याख्यानात ले ग्विन यांनी या फेरविचाराची कारणमीमांसा केली. वीरकथेची परंपरा पुरुषांची होती आणि आपणही तिच्याच चौकटीत लिहीत होतो, असे त्यांचे प्रतिपादन. २००१ च्या कथासंग्रहात त्या आणखी मागे गेल्या आणि रोकची पाठशाळा मुळात स्त्रियांनी व पुरुषांनी मिळून स्थापन केली होती, स्त्रियांना नंतर बाहेर काढले गेले, असा इतिहास त्यांनी उलगडून दाखवला. जुनी पुस्तके त्यांनी बदलली नाहीत. त्या पुस्तकांतील ‘नेहमीच असे होते’ ही समजूत मात्र त्यांनी खोटी ठरवली.

भिंत

सर्वांत मोठा धक्का अखेरच्या कादंबरीत आहे. अर्थसीतील मृत माणसे एका शुष्क भूमीत जातात, हे पहिल्या पुस्तकापासून सांगितलेले होते. दगडांची एक बुटकी भिंत, तिच्यापलीकडे कधीही न हलणारे तारे, शांत अंधारी रस्ते आणि एकमेकांवर जीव टाकलेली माणसेही ओळख न देता शेजारून जात आहेत, असे ते चित्र. वाचकांनी ते मृत्यूचे स्वाभाविक रूप म्हणून स्वीकारले होते.

‘द अदर विंड’मध्ये फुटकी भांडी सांधणाऱ्या ऑल्डर या साध्या कारागिराला स्वप्नात मेलेली पत्नी भिंतीपलीकडून हात देते आणि इतर मृत आम्हाला सोडवा म्हणून विनवू लागतात. उत्तर शोधता शोधता प्राचीन करार उघड होतो. माणूस आणि ड्रॅगन मुळात एकच होते. विभक्त होताना ड्रॅगननी स्वातंत्र्य निवडले आणि माणसांनी वस्तू व त्यांवरील मालकी. नंतर माणसांतील जादूगारांनी करार मोडला. आपली नावे कायम टिकावीत, या हव्यासाने त्यांनी ड्रॅगनच्या वाट्याचा पश्चिमेकडील प्रदेश मंत्रबळाने बळकावला आणि भोवती भिंत घातली. भिंत उभी राहताच आतला वारा थांबला, झरे आटले. अमरत्वासाठी मिळवलेली भूमी मृत झाली.

म्हणजे कॉबने जे एकट्याने केले तेच त्याला दोष देणाऱ्या परंपरेने सामुदायिकरीत्या फार पूर्वी केलेले होते. गारगोटीला हात लावू नये, असे शिकवणाऱ्यांच्या पूर्वजांनी मृत्यूच बदलून टाकला होता. आणि ज्यांना सारे रानटी म्हणत, जे खऱ्या नावांची विद्या मानत नाहीत, ते कार्ग लोक मेल्यावर त्या शुष्क भूमीत जातच नाहीत. ते पुन्हा सृष्टीत मिसळतात, असे या कादंबरीतून दिसते. अखेर भिंत पाडली जाते. आयुष्यभर सांधण्याचे काम केलेल्या ऑल्डरचाही तिचे दगड काढायला हात लागतो. मृत माणसे एकेक करून बाहेर येतात आणि विरून जातात. नाव टिकवण्यापेक्षा ते सोडून देण्यात सुटका आहे, या ताओला जवळच्या विचारापाशी ही माला येऊन थांबते.

पडद्यावर काय हरवले?

हे दर्शन पडद्यावर आणण्याचे दोन मोठे प्रयत्न झाले. २००४ मधील अमेरिकन दूरचित्रवाणी मालिकेत सावळा गेड गोरा झाला. ले ग्विन यांनी त्याविरुद्ध जाहीर लेख लिहिला. २००६ मध्ये जपानच्या स्टुडिओ जिब्लीने गोरो मियाझाकी यांच्या दिग्दर्शनाखाली अ‍ॅनिमेशनपट काढला. त्यातील दृश्यांचे कौतुक करूनही त्यांचा मुख्य आक्षेप तत्त्वाचाच होता. चित्रपटात दुष्टपणा एका खलनायकात साठवला आहे आणि त्याला मारले की प्रश्न मिटतो. पुस्तकात असे सोयीस्कर उत्तर नाही, असे त्यांचे म्हणणे. अर्थसीत शत्रूचे नाव अनेकदा आपलेच निघते. ही गोष्ट तलवारीच्या एका घावात दाखवता येत नाही.

काल्पनिक जगातील तत्त्वज्ञानाला प्रत्यक्षात काय किंमत द्यावी, असा प्रश्न विचारला जातो. धरणाच्या भिंतीपासून अणुभट्टीपर्यंत, वस्तूचे ‘नाव’ जाणून तिच्यावर सत्ता चालवण्याची विद्या आपल्या जगातही वाढतच आहे. एका ठिकाणच्या दिव्याची सावली कोणत्या गावावर पडते हेही आता कळू लागले आहे. अशा काळात गारगोटीची गोष्ट केवळ मुलांसाठी राहत नाही. परंतु अर्थसीचा त्याहून दुर्मीळ धडा तिच्या रचनेत आहे. संयम शिकवणारी परंपराही आपल्या मुळाशी लोभ आणि अन्याय दडवून असू शकते, आणि ती उभारणाऱ्यानेच धीर करून तो खणून काढला तर ती कोसळत नाही, अधिक खरी होते. शाळा-संप्रदाय स्थापन करणारे पुष्कळ असतात. आपण बांधलेल्या भिंतीचा दगड स्वतः काढणारे विरळा. ले ग्विन त्यांपैकी एक होत्या.